‘परीटघडी’तली पलीकडची बाई

३ मार्च

लाडक्या आजी,

फोनवर तुला ऐकू येत नाही आणि तरी तू "हो हो, बरोबर" म्हणत राहतेस, म्हणून हे पत्र.

माझ्या स्टुडिओत जुन्या टेपा साफ करायला येतात, ते तुला माहीत आहे. परवा एक खोका आला आणि त्यावर बाबांच्या बँडचं नाव. तुझ्या लाँड्रीत, वाळवणीच्या खोलीत सराव करायचे तोच बँड. कंपनी त्यांची रेकॉर्ड पुन्हा काढते आहे. एका बाजूला एकच लांबलचक गाणं, ‘परीटघडी’. या प्रकाराला प्रोग्रेसिव्ह रॉक म्हणतात. गाणं तासभर संपत नाही असं वाटतं, ठेका मध्येच पाय बदलतो आणि शब्द कोड्यात बोलतात.

कव्हरवर छापायला एका जाड चष्म्याच्या संपादकांनी मजकूर लिहिलाय. त्यांच्या मते काळा डगलेवाला म्हणजे मृत्यू, दोरीवरचे आत्मे म्हणजे आपण सगळे आणि अख्खं गाणं म्हणजे कवीचा शेवटचा निरोप. गाणं रेकॉर्ड झाल्यावर थोड्याच दिवसांत बाबा कालव्यात सापडले, त्यामुळे बँडच्या चाहत्यांना याची खात्रीच आहे. हे छापायला घरच्यांची संमती हवी. आई म्हणाली, "कर सही. खरंच आहे ते." आणि भांडी घासायला गेली.

आजी, मी तेव्हा पाळण्यात होते. मला एकच कळायला हवं आहे. बाबा आम्हाला सोडून स्वतःहून गेले का? तोवर मी सही करणार नाही.

तुझी,
ठकी

९ मार्च

ठकूबाई,

आशीर्वाद आणि एक गालगुच्चा, दुसरा भेटल्यावर.

तुझं पत्र मी वाचलं, मग खालच्या शिंपिणीला वाचून दाखवलं, मग दोघी इतक्या हसलो की तिच्या तोंडातल्या टाचण्या खाली पडल्या आणि त्या वेचायला अर्धा दिवस गेला. एक अजून सापडलेली नाही. माझं शिक्षण म्हणशील तर शाळेच्या दारापर्यंत, पण लोकांच्या कॉलरींवर खुणा घालून घालून माझं अक्षर वळणदार झालंय, ते बघून घे.

आत्मे म्हणे! अगं, आत्मे कसले, त्या हॉस्पिटलच्या चादरी! वाळवणीच्या खोलीत ओळीनं टांगलेल्या. त्यांच्यामुळे आवाज घुमत नाही, म्हणून तर ती पोरं तिथे सरावाला यायची. तू ते कडवं लिहिलं नाहीस, मला पाठ आहे:

धुऊन निघाले आत्मे सारे, उभे राहिले दोरीवर,
चिमटा काढला तरी न ओरडे, पडतो नुसता फरशीवर.

आता दिवसभर चिमटे काढणं हेच आमचं काम. हे म्हणताना धाकटा माझ्या दंडाला चिमटा काढायचा आणि म्हणायचा, "बघ, ही ओरडली, म्हणजे आत्मा नाही!" (तुझ्या बापाला मी धाकटाच म्हणणार. त्याच्या वरचा कुणी नव्हता, पण तो जन्मल्यापासून तोंडावरून धाकट्यासारखाच दिसायचा.)

आणि काळा डगलेवाला! तो तर कोपऱ्यावरचा वकील. दर आठवड्याला दारात उभा, "माझा डगला झाला का?" डगल्याला हजार रोग, एकदा बटण, एकदा अस्तर. माणसाला मान म्हणून नव्हतीच, डोकं थेट खांद्यावर ठेवलेलं. आणि कोर्टात त्याचं कुणी ऐकायचं नाही. म्हणून धाकट्यानं लिहिलं:

कॉलर आहे, मान नाही,
मान असती, तरी मान नाही.

हे वकिलानं स्वतः ऐकलं आणि "वा, फार खोल आहे" म्हणाला. आम्ही चादरीमागे तोंडात बोळा कोंबून उभे.

गाण्यातला सात पायांचा प्राणी म्हणजे आमचं कपडे धुवायचं जुनं मशीन. ते एका बाजूला लंगडायचं. ढम-ढम, ढम-ढम, ढम-ढम-धप. ढोलवाला पोरगा त्याच्यासमोर स्टूल टाकून बसायचा आणि शिकायचा. बाकीच्यांची गाणी दोन पायांवर चालतात, आमचं सात पायांवर. मशीन बंद पडलं की गाणंही बंद, म्हणून शेवट मी कधी ऐकलाच नाही. रेकॉर्ड आली तेव्हा तो नव्हता आणि मग लावायला हात झाला नाही.

पांढऱ्या मैदानावरचं वाफेचं जहाज म्हणजे काय, ते तू ओळख. इस्त्री! ओळखलंस ना? संपादकांना म्हणावं, एक दिवस माझ्याकडे या, घामानं चष्मा धुऊन निघेल.

शिंपिणीच्या डोळ्यावर पडदा आलाय, तरी सुई ओवते. कशी ते विचारू नकोस, मलाही सांगत नाही. जेवत जा.

तुझी आजी

१७ मार्च

आजी,

तुझं पत्र मी बसमध्ये वाचलं आणि इतकी हसले की शेजारच्या बाई उठून दुसरीकडे बसल्या.

पण कालव्याबद्दल तू एक अक्षर लिहिलं नाहीस. शिंपिणीच्या टाचण्यांबद्दल मात्र अर्धं पान लिहिलंस.

आणि शेवट तू ऐकलेला नाहीस. शेवटी सगळी वाद्यं थांबतात आणि एक बाई गाते. कुठेच तिचं नाव नाही. चाहते तिला ‘पलीकडची बाई’ म्हणतात. ती गाते:

वाट बघत बसू नका होऽ, घरपोच येईल माल,
आज नाही तर उद्या येईल, उद्या नाही तर काल!

मग ती हसते. चिरकं, भरभर. आणि हसण्यानंतर काहीतरी पुटपुटते, जे कुणालाच कळत नाही. ती मेलेल्यांची भाषा आहे असंही कुणीतरी लिहून ठेवलंय. संपादकांच्या मते माल म्हणजे आत्मा आणि ही बाई बाबांना न्यायला आली होती.

लहानपणी मी एकदा आईच्या कपाटातून रेकॉर्ड काढून लावली होती. ती बाई हसली आणि मी पलंगाखाली जाऊन बसले. आजही ती बाई मला अंधारात जिन्याच्या वळणावर उभी दिसते. मला तिचा राग येतो, आजी. तिनं हाक मारली आणि बाबा गेले, असंच वाटत राहतं.

सोबत कॅसेट आहे. शेवटापर्यंत ऐक.

तुझी,
ठकी

२८ मार्च

ठके, ए ठके,

बसली असशील तर उभी राहा आणि उभी असशील तर बस. ती बाई मी आहे!

सांगते, नीट सांगते. कॅसेट आली तेव्हा माझ्याकडे लावायला काहीच नव्हतं. शिंपिणीचा रेडिओ आणला, त्यात कॅसेटचं दार होतं पण ते उघडेना, मग तिनंच कात्रीनं उघडलं. दुपारी दुकान अर्धं ओढून घेतलं आणि बसलो. धाकट्याचा आवाज आला तेव्हा मी इस्त्री हातात घेतली, नुसतीच, गार. हात रिकामा नको वाटला. शिंपीण म्हणाली, "बंद करू का?" मी म्हटलं, "तू गप बस."

आणि शेवटी ती बाई आली. "वाट बघत बसू नका होऽ, घरपोच येईल." माझ्या अंगावर सरसरून काटा आला. हे तर मी म्हणते! गिऱ्हाईक दारात ताटकळलं की मी हेच म्हणते, आयुष्यभर म्हणत आलेय, असाच ‘हो’ लांबवून. शिंपीण डोळे फाडून माझ्याकडे बघायला लागली. म्हणाली, "अहो, हा तुमचा आवाज! तुमचे दात होते तेव्हाचा!"

मेल्यांनी चोरून माझा आवाज धरला असणार. चादरीमागे टेपचं मशीन लपवून. धाकट्याचंच काम ते! "उद्या नाही तर काल" हे मात्र मी कधी म्हणाले नाही हं, ते त्यानं मागून जोडलं असेल. पण खरं सांगू, माझ्याकडचा माल कधीकधी यायचा तसाच.

तर मी भूत आहे! लोक मला घाबरून पलंगाखाली बसतात! काल दळणवाल्यानं मला सुट्ट्या पैशांवरून दम दिला, तर मी मनात म्हटलं, बाबा रे, तुला ठाऊक नाही तू कुणाशी बोलतोयस.

आता पलंगाखाली जायचं काम नाही. त्या वळणावर उभी आहे ती तुझी आजी आहे आणि तिचे गुडघे दुखताहेत.

एकच वाटलं, ते लिहून टाकते. ऐकताना माझाच आवाज, पण मला वाटत होतं मी कुणाच्या तरी घरात डोकावतेय आणि आत मीच बसलेय, आणि तिला माहीत नाही की तिचा मुलगा जाणार आहे. तिला सांगावंसं वाटलं. मग शिंपिणीनं कॅसेट बंद केली.

तुझी आजी (पलीकडची)

४ एप्रिल

आजी,

तुझं पत्र मी किती वेळा वाचलं, सांगत नाही. ते तसंच खरं असावं असं मला फार वाटलं. पण मी रोज हेच काम करते, म्हणून तुझ्याशी खोटं बोलता येत नाही.

ती तू नाहीस.

पेटीमास्तरांना भेटले. बँडमध्ये पेटी वाजवायचे ते, आता अगदी वाळलेत. ते म्हणाले, चादरीमागे मशीन वगैरे काही नव्हतं, सगळं स्टुडिओत झालं आणि तू, म्हणजे त्यांच्या ‘आई’, तिथे कधी गेलीच नाहीस. शेवट मात्र बाबांनी एकट्यानं रेकॉर्ड केला, बाकीच्यांना बाहेर काढून. आत कोण बाई होती ते मास्तरांनाही माहीत नाही. "आम्ही कधी विचारलं नाही," म्हणाले. "तो गेल्यावर तर नाहीच."

मग मी नुसता त्या बाईचा आवाज वेगळा काढून ऐकला. आजी, तिचा श्वास चुकीचा आहे. माणूस इतक्या भरभर श्वास घेत नाही. टेप हळू फिरवून गायलं आणि मग नेहमीच्या वेगानं लावलं की आवाज चढतो, पुरुषाचा बाईसारखा होतो. ही तेव्हाची नेहमीची गंमत होती. ती बाई म्हणजे बाबा आहेत.

माझ्यासमोर एक कळ आहे. ती फिरवली की टेप मूळ वेगानं चालेल आणि बाबांचा खरा आवाज येईल. तो हसतोय की रडतोय तेही कळेल, कारण रडणंही भरभर लावलं की हसण्यासारखंच ऐकू येतं. आणि ते पुटपुटणंही कळेल.

माझा हात जात नाही. आई म्हणते ते खरं निघालं तर? तू सांग, फिरवू का?

तुझी,
ठकी

२ मे

ठके,

उशीर झाला. आजारी नव्हते, काळजी करू नकोस. लिहायला बसायचे आणि उठून कपड्यांच्या घड्या घालायचे. सगळं दुकान घड्या घालून झालं, मग शिंपिणीकडच्या न शिवलेल्या ताग्यांच्या पण घातल्या. ती ओरडली.

पहिल्यांदा तुझा राग आला. भूत होण्यात मजा होती गं.

तू म्हणालीस कालव्याबद्दल लिहीत नाही. लिहिते. त्या सकाळी धुकं होतं. तो सायकलवरून कपडे पोहोचवायला गेला. सायकल कालव्याच्या पुलाशी मिळाली, स्टँडवर नीट लावलेली. गाठोडं कॅरियरवर, कोरडं. तो खाली पाण्यात. मी म्हटलं, "मरायला निघालेला माणूस सायकलला स्टँड लावतो का?" तुझी आई म्हणाली, "तोच लावतो." तिचंही चुकलं नाही. तिच्या मांडीवर तू होतीस आणि तिला कुणावर तरी चिडायचं होतं.

गाठोडं मी घरी आणून सोडलं. त्याची गाठ माझी नव्हती. मी गाठ मारते ती वेगळी, ही त्यानं वाटेत सोडून परत मारलेली. आणि आत एक उशीचा अभ्रा कमी होता. आमच्या धंद्यात सगळं चालतं, उशीर चालतो, एक वेळ डाग राहिला तरी चालतो, पण एखादा कपडा हरवून गिऱ्हाइकाच्या दारात जायचं नाही. परत बांधताना अभ्रा निसटून खाली पडला असेल, पाण्यावर तरंगत असेल, आणि तो उतरला असेल. मी तुझ्या आईला सांगितलं. ती म्हणाली, "एका अभ्र्यासाठी कुणी जीव देतं का?" मी म्हटलं, जीव दिला नसेल गं, हात लांब केला असेल. त्यावर ती माझ्याशी कितीतरी महिने बोलली नाही. तिला वाटलं मी थट्टा करतेय. मेलेल्या माणसाची थट्टा.

अभ्रा कधीच मिळाला नाही. तेव्हा माझ्याकडेही काही पुरावा नाही. मी मानते, ती मानत नाही, आणि मध्ये तू.

फिरव ती कळ. तुझ्या आईला घेऊन जा आणि मग फिरव. रडत असेल तर रडू दे त्याला, इतकी वर्षं आपण त्याच्या रडण्याला हसणं म्हणत असू तर तेही बरं नाही. आणि मला जसं असेल तसं कळव, साखर घालून नको. मला गोड चालत नाही, डॉक्टरांनीही सांगितलंय.

तुझी आजी

२० मे

आजी,

आई आली होती. चप्पल दाराबाहेर काढून आली, कुणाच्या घरी आल्यासारखी, आणि पर्स मांडीवर धरून बसली. मी कळ फिरवली.

बाबा हसताहेत.

आधी तो गातो, तुझ्यासारखं, नाक किंचित चढवून. "घरपोच येईल माल" पर्यंत जेमतेम धरतो. "उद्या नाही तर काल" म्हणताना आवाज फुटतो आणि तो हसायला लागतो. खूप हसतो, आजी. श्वास पुरत नाही, कशावर तरी हात आपटतो. मग ते पुटपुटणं. माईकपासून तोंड फिरवून तो स्वतःशीच म्हणतो, "नाही जमलं. परत घेतो. तिचा ‘हो’ आणखी लांब आहे."

मेलेल्यांची भाषा ती एवढीच.

परत घेतलेलं काही टेपवर नाही. त्या दिवशी वेळ संपला असेल.

मी रडेन असं वाटलं होतं. पण मला दुसरंच काहीतरी झालं. तो माझ्यापेक्षा लहान आहे, आजी. मी आयुष्यभर मनात ‘अहो बाबा’ म्हणत आले, आणि टेपवर एक पोरगा आहे, ज्याला मी सहज म्हटलं असतं, "पुरे आता, कामाला लाग." तो खोलीत होता. मी मान वळवून पाहिलं, खरंच पाहिलं.

त्याच्या मनात त्या सकाळी काय होतं ते या टेपवर नाही. पण निरोप नव्हता तो. जे परत घ्यायचं असतं, तो निरोप नसतो. संपादकांना मी तसं कळवलं आणि सही दिली नाही. ते नाराज झाले. म्हणाले, "म्हणजे ही सगळी थट्टा होती?" मी म्हटलं, "हो, आणि फार मेहनतीनं केलेली." आता त्यांना त्या बाईचं नाव हवंय, कव्हरवर छापायला. काय सांगू?

 घरी येताना बसमध्ये, अगदी उतरायच्या वेळी, आई खिडकीबाहेर बघत म्हणाली, "अभ्रा कुठल्या रंगाचा होता, विचार त्यांना."

तुझी,
ठकी

२७ मे

ठके,

पांढरा होता. काठाला निळ्या दोऱ्याची शिवण, एका कोपऱ्यात उसवलेली. तो मीच दुरुस्त केला होता, जरा वेगळ्या निळ्यानं, तेव्हा माझ्याकडे तोच होता. तिला जसंच्या तसं सांग. नाही, तू नको सांगूस, तिला इकडे घेऊन ये, मी दोरा दाखवते. अजून त्या रिळावर उरलाय. ती बोलली नाही तरी चालेल, मी दोघींचं बोलेन.

कव्हरवर लिही: ‘आई. गायलं मुलानं.’ माझं नावबिव नको. पेटीमास्तरांना म्हणावं, वाळलात तर इकडे या, वाळवणीची खोली मोकळीच असते आता.

तू पाठवलेली दुसरी कॅसेट, बापाच्या खऱ्या आवाजाची, ती मी ऐकली. एकदाच. शिंपिणीला पण बोलावलं नाही. त्याबद्दल जास्त लिहीत नाही. त्याचं म्हणणं बरोबर आहे, माझा ‘हो’ खरंच आणखी लांब आहे.

पण तेव्हापासून एक झालंय. गिऱ्हाईक आलं की ते वाक्य माझ्या तोंडून निघेना. मला वाटायचं, मी म्हणेन आणि तो आतून ऐकत असेल, बरोबर येतंय का बघायला. कपडे देऊन टाकायचे, गप्प. लोक म्हणाले, आजी आजारी आहेत का?

आज सकाळी नवीन मास्तरीणबाई आल्या, त्यांचे पडदे तयार नव्हते. त्या उभ्या राहिल्या, उभ्याच राहिल्या. मग मी म्हटलंच. "वाट बघत बसू नका होऽऽ, घरपोच येतील." मुद्दाम लांबवला, दम लागेपर्यंत. आणि कान आत लावून थांबले. आत कुणी नव्हतं. चादरी होत्या, त्या हलतही नव्हत्या.

वळून बघते तर मास्तरीणबाई माझ्याकडे बघताहेत.

"आजी," त्या म्हणाल्या, "एवढं हसायला काय झालं?"

मला माहीतच नव्हतं, ठके, मी हसतेय ते.

तुझी आजी